मागच्या टिपांत पाठवलेली माणसं

माझ्या मामाने नऊ पुस्तकं लिहिली आणि त्या नवांचाही मला राग आहे. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कोणी माझ्याकडे निःपक्षपातीपणा मागायला नको. सात चरित्रं आणि दोन खंडांत फ्रेंच साहित्याचा इतिहास. आपल्या भाषेत त्याआधी असं काही नव्हतं आणि नंतरही त्या वाटेला कोणी फिरकलं नाही. पुस्तकं वाईट असती तर रागाला निदान सोपं निमित्त मिळालं असतं. पण ती चांगली आहेत. मी सगळी वाचली आहेत, काही दोनदा, आणि दर वेळी शेवटचं पान मिटताना मला मामाला धरून गदागदा हलवावंसं वाटलं आहे.

पण मी लिहायला बसले आहे ती मामीबद्दल. मामाबद्दल लिहिणारे पुष्कळ आहेत. मामीबद्दल मामाने जे छापलं ते इतिहासाच्या पहिल्या खंडाच्या प्रस्तावनेत, तेही अगदी शेवटी, ग्रंथपालांच्या नंतर आणि टंकलेखकाच्या आधी. 'माझ्या पत्नीच्या सहकार्याशिवाय' अशी त्या वाक्याची सुरुवात आहे. पुढचं लिहीत नाही, ते कोणालाही सुचेल.

मामीचं चष्म्याचं दुकान होतं. तिच्या वडिलांनी सुरू केलेलं, एका बाजूला औषधांचं दुकान आणि दुसऱ्या बाजूला किल्ल्या करून देणारा. दुकान इतकं आखूड होतं की डोळे तपासायला पुरेसं अंतर मिळत नसे. म्हणून अक्षरांचा तक्ता गिऱ्हाइकाच्या डोक्यामागे टांगलेला आणि समोर मोठा आरसा. तक्त्यावरची अक्षरं उलटी छापलेली, म्हणजे आरशात ती सुलट दिसावीत. नवीन गिऱ्हाईक आत आलं की तक्त्याकडे बघून बावचळायचं. मामी म्हणायची, "अजून तुमच्या डोळ्यांना काही झालेलं नाही, बसा आधी."

भिंगाची कड घासायचं चाक ती स्वतः चालवायची. चाकावर पाणी ठिबकत असायचं आणि तिच्या बोटांच्या पेरांत पांढरी माती बसलेली असायची. चष्म्याची दांडी कानाला टोचत असेल तर ती गरम वाळूच्या भांड्यात खुपसून मऊ करायची आणि अंगठ्याने वाकवायची. हात हलका, जीभ अजिबात हलकी नाही. एका बाईंनी नटीसारखी मोठी फ्रेम मागितली तेव्हा मामी म्हणाली, "ही तुमच्या नाकावर टिकणार नाही. नाक बदलून या, मग देते." वर्तमानपत्र हात लांब करून वाचणारा आणि तरी मला चष्मा लागत नाही म्हणणारा कोणी आला की ती सांगायची, "हात लांब करून देत नाही आम्ही. भिंगं आहेत फक्त." तरीही लोक तिच्याकडेच यायचे. सगळा रस्ता तिला चष्मेवाली म्हणायचा, आणि कॉलेजातले लोक मामाची ओळख करून देताना चष्मेवालीचा नवरा म्हणायचे, अर्थात त्याच्या मागे.

मामा तिला भेटला तोच स्वतःच्या चष्म्यावर बसल्यामुळे. तो कॉलेजात फ्रेंच शिकवायचा, विसरभोळा होता, आणि एका वर्षात इतक्या वेळा चष्म्यावर बसला की मामी वडिलांना म्हणाली, "या माणसाला घरातच ठेवलेलं बरं, दुरुस्तीला सारखं यावं तरी लागणार नाही." दुकानाच्या वरच्या दोन खोल्यांत त्यांचा संसार सुरू झाला. मामाचा पगार पुस्तकांत जायचा आणि दुकानाच्या गल्ल्यावर घर चालायचं. ही गोष्ट मामी कधी बोलून दाखवत नसे. मी बोलून दाखवते आहे, कारण आता बोलायला माझ्याखेरीज कोणी उरलेलं नाही.

दुपारी दुकानात सामसूम असे तेव्हा मामा खाली यायचा, गिऱ्हाइकाच्या उंच खुर्चीत बसायचा आणि नव्या प्रकरणाचं हस्तलिखित मामीला वाचून दाखवायचा. ही त्याची कामाची पद्धत. मामीला फ्रेंचचं अक्षर येत नव्हतं आणि साहित्यात तिला काडीचा रस नव्हता, म्हणूनच तो तिला वाचून दाखवायचा. ती स्क्रू आवळता आवळता ऐकायची. जिथे तिचा पेचकस थांबे तिथे मजकूर जमला, जिथे ती उठून फडकं शोधायला लागे तिथे फसला. मामा समासात खूण करायचा. समीक्षकांनी पुढे ज्याला 'ओघवती निवेदनशैली' म्हटलं ती अशी आमच्या दुकानात, पेचकसाच्या तालावर तयार झाली.

मामीने त्या फ्रेंच लेखकांना नावं ठेवली होती. एक खोकलेबुवा, कारण तो तीनशे पानं खोकत होता. एक पळपुटा. एक दोनघरे, कारण त्याची दोन घरं होती आणि दोन्हीकडे बायका. "आज दोनघऱ्याचं काय?" असं ती जेवताना विचारायची, शेजारच्या माणसाची चौकशी करावी तसं.

आणि मामाचा एक नियम होता. चरित्र पुस्तकांचं असतं, असं तो म्हणायचा. ज्या माणसाचा लेखकाच्या पुस्तकाशी संबंध येत नाही, त्याला मुख्य मजकुरात जागा नाही. त्याने मागे जावं, शेवटी बारीक टायपात टिपा असतात तिथे. लेखकाची बायको, भाऊ, पोरंबाळं, मोलकरीण, सगळी मागे. वाचता वाचता मामी विचारायची, "ते बाळंतपण झालं होतं ना त्याच्या बायकोचं, त्या पोराचं काय झालं?" मामा वर न बघता म्हणायचा, "मागे."

हळूहळू हा घरातलाच शब्द झाला. नको असलेला पाहुणा आला की मामी मला म्हणायची, "याला मागे पाठव, बाई." आम्ही दोघी खूप हसायचो. एकदा मात्र ती हसली नव्हती. इतिहासाच्या पहिल्या खंडात एका नाटककारावर मोठं प्रकरण आहे. त्या प्रकरणाने मामाचं नाव झालं. नाटककाराच्या वंशजांकडची हस्तलिखितं पाहायला मिळालेला तो बाहेरचा पहिला माणूस होता. ते प्रकरण छापून आल्यावर मामीने ते माझ्याकडून वाचून घेतलं आणि मग शेवटच्या टिपा उघडायला लावल्या. तिथे एका ओळीत होतं: 'नाटककारास दोन पुत्रांखेरीज एक कन्या होती, ती बालपणी निवर्तली.' मामीने पुस्तक मिटलं आणि चाकावर जाऊन बसली. नंतर कितीतरी वेळ चाक फिरत होतं, पण तिच्या हातात भिंग नव्हतं.

आता ठकीबद्दल सांगायला हवं.

मामा-मामीला एक मुलगी होती. घरात तिला ठकी म्हणत. मी तिला पाहिलं नाही. मामाला शिष्यवृत्ती मिळून तो वर्षभर फ्रान्सला गेला, तेव्हा ती पाच वर्षांची होती. मामी दुकान, घर आणि पोर सांभाळत होती. थंडीच्या दिवसांत ठकीला ताप आला, मग मान ताठ झाली, मग दवाखान्यात न्यावं लागलं. डॉक्टरांनी तोंड पाडलं तेव्हा मामी शेजारच्या औषधांच्या दुकानातून फोन लावायला धावली. तिला भाषा येत नव्हती, म्हणून मामाच्या कॉलेजातले एक मास्तर आले आणि मामा राहत होता त्या घराच्या मालकिणीशी बोलले. मुलगी फार आजारी आहे, ताबडतोब निघा, असा निरोप दिला. म्हातारी हो म्हणाली.

ठकी त्यानंतर काही दिवस चांगली बोलत होती. बाबा बोटीने येणार की विमानाने, हे विचारत होती. शेवटचे दोन दिवस ती कोणाशीच बोलली नाही. मामा आला तेव्हा घरात तिचे फक्त कपडे उरले होते.

म्हातारीने निरोपच दिला नाही, असं मामाने सांगितलं. तिला कमी ऐकू यायचं, वय झालं होतं, विसरली. पुष्कळ दिवसांनी तिला सहज आठवलं आणि मग तो मिळेल त्या विमानाने निघाला. मामीने हे ऐकून घेतलं आणि त्या दिवसापासून त्या परक्या देशातल्या, कधी न पाहिलेल्या म्हातारीवर तिने जन्मभराचा राग धरला. मी त्या घरात गेले ती त्यानंतर वर्षभराने. आईने मला तिथे शिकायला म्हणून पाठवलं असं सगळे म्हणायचे, पण पाठवलं ते रिकामी जागा भरायला, हे मला सहाव्या वर्षीही कळत होतं. मामीने मला त्या जागेत कधी बसवलं नाही. तिने मला दुकानात स्वतःशेजारी एक स्टूल दिलं आणि स्क्रू निवडायला शिकवलं. तिच्या रागाची ओळखही मला तिथेच झाली. एखादं विसराळू गिऱ्हाईक पावती हरवून आलं की मामीचा आवाज असा चढायचा की शेजारचा किल्लीवाला डोकावून बघायचा. "विसरलात? विसरण्याने काय काय होतं माहीत आहे?" ते गिऱ्हाईक बिचारं पावतीबद्दल बोलत असायचं. मामी म्हातारीशी बोलत असायची. घरात तिला ती 'ती मेली बहिरी' म्हणायची, आणि मामा त्या वेळी खिडकीबाहेर बघायचा. मला वाटायचं त्याला दुःख होतं आहे.

अशी चाळीसेक वर्षं गेली. मामा निवृत्त झाला, पाय थकले, जिना उतरणं बंद झालं. दुकान मी चालवायला लागले, पण मामी रोज खाली येऊन बसायची आणि मी वाकवलेली प्रत्येक दांडी परत वाकवायची.

मग शिष्योत्तम आला. मामाचा जुना विद्यार्थी, आता स्वतः प्राध्यापक, केस पिकलेला, अतिशय सभ्य. हे नाव अर्थात मामीने ठेवलेलं. मामाच्या ऐंशीव्या वर्षी त्याचं चरित्र काढायचं असं त्याने ठरवलं होतं आणि प्रकाशकही मिळवला होता. मला वाटलं होतं तो मामासमोर बसून टिपणं काढेल आणि जाईल. पण तो खाली दुकानात यायला लागला. आपल्या गुरूच्या पुस्तकांपेक्षा तो जरा बरा निघाला, कारण त्याने मामीला विचारलं. पहिल्या दिवशी तिने त्याला दोन फ्रेमा विकल्या आणि काही सांगितलं नाही. नंतर एका दुपारी ती बोलायला लागली. ठकीचं बोलणं, तिचं दुकानातल्या आरशासमोर उभं राहून उलट्या तक्त्याला वाकुल्या दाखवणं, दवाखाना, तो फोन, ती म्हातारी. मी चाकावर होते, मी चाक बंद केलं. इतक्या वर्षांत तिने मला हे असं सलग कधी सांगितलं नव्हतं.

शिष्योत्तमाने त्याचं अख्खं प्रकरण लिहिलं. आम्हाला दोघींना वाचून दाखवलं, त्याच उंच खुर्चीत बसून. मामी स्क्रू आवळत नव्हती. वाचून झाल्यावर ती म्हणाली, "बरं लिहिलंय. हिचं कुठेतरी काहीतरी राहू दे." एवढंच तिचं मागणं होतं. दागिने मागितले नाहीत, तीर्थयात्रा मागितली नाही, प्रस्तावनेत दुसरी ओळ मागितली नाही. पोरगी होती, पाच वर्षं होती, हे कुठेतरी मोठ्या टायपात छापलेलं असावं, इतकंच.

प्रुफं मामाकडे तपासायला गेली. तपासायला द्यायची काही गरज नव्हती, पण शिष्योत्तमाला गुरुभक्ती आवरली नाही. काही दिवसांनी भर दुपारी तो दुकानात आला तो तोंड उतरवून. हातात प्रुफांची चळत. तो मामीकडे न बघता मला म्हणाला, "सरांनी एक प्रकरण काढायला सांगितलंय."

मामीने त्याच्या हातातून चळत घेतली. ठकीच्या प्रकरणाच्या प्रत्येक पानावर कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत लाल पेन्सिलीची रेघ होती. पहिल्या पानाच्या समासात मामाच्या बारीक, सुबक अक्षरात एक शब्द लिहिला होता: मागे.

आमचं दुकान भर दुपारी त्या एकाच दिवशी बंद झालं. मामीने शटर खाली ओढलं तेव्हा आत एक गिऱ्हाईक होतं, त्याला तिने दंडाला धरून बाहेर काढलं. मग ती जिना चढून वर गेली. तिच्या मागोमाग मी, माझ्यामागे शिष्योत्तम, परीक्षेत नापास झालेल्या मुलासारखा.

मामा टेबलाशी बसला होता. मामीने पानं त्याच्यापुढे टाकली. "हे काय आहे?"

मामाने चष्मा कपाळावर सरकवला. "प्रुफं."

"ते दिसतंय मला. चष्म्याचं दुकान आहे माझं. ह्या रेघा काय आहेत?"

"अगं, तोल जातो चरित्राचा," मामा म्हणाला. वर्गात बोलायचा तोच आवाज, मऊ आणि समजावणीचा. "लोक हे पुस्तक वाचणार ते पुस्तकांसाठी. मध्येच इतकी पानं दवाखान्यात घालवली तर वाचक हातचा जातो. टीप पुरे. टीप देणं म्हणजे काही अपमान नव्हे."

"केवढी टीप?"

"दोनेक ओळी."

मामी हसली. त्या हसण्याला जुनी गिऱ्हाइकं घाबरून असत. "पाच वर्षांच्या पोरीला दोन ओळी. त्या खोकलेबुवाच्या मांजराला पानभर दिलंत तुम्ही."

"मांजर त्याच्या कवितेत येतं."

"आणि ती तुमच्या पुस्तकांत येत नाही."

"नाही," मामा म्हणाला. "येत नाही."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. माणूस विद्वान असला म्हणून इतका निर्ढावलेला असू शकतो? मी काहीतरी बोलणार होते, पण मामीने हात वर करून मला गप्प केलं. ही तिची लढाई होती आणि त्यात तिला मदतनीस नको होता.

"एक सांगा," ती म्हणाली. "त्या सातही जणांची चरित्रं लिहिलीत. त्यांच्या बायका मागे, त्यांची पोरं मागे. ह्यातलं काय ठेवू नि काय काढू, असं त्यांच्यापैकी एकाला तरी विचारलं होतंत?"

"ते मेलेले होते."

"मग तुम्हीही तसेच गप्प पडून राहा. ज्याचं चरित्र त्याच्या हातात पेन्सिल देत नसतात. हे तुम्हीच मला शंभरदा सांगितलंय, त्या नाटककाराच्या वंशजांनी पानं काढा म्हणून कटकट केली तेव्हा." ती शिष्योत्तमाकडे वळली. "पुस्तक कोणाचं आहे?"

"माझं," तो म्हणाला, पण इतक्या हळू की स्वतःलाच ऐकू आलं नसेल.

"मग जसं आहे तसं छापा."

"नाही," मामा म्हणाला. वर्गातला आवाज गेला होता. "तसं छापता येणार नाही. ते प्रकरण खोटं आहे."

शिष्योत्तमाचा चेहरा पडला. कोणी त्याच्या आईबापांवरून बोललं असतं तरी त्याला इतकं लागलं नसतं. "सर, काकूंनी सांगितलं तसंच लिहिलंय मी. फोन करणाऱ्या मास्तरांनाही जाऊन भेटलो. फोन त्याच संध्याकाळी गेला होता. घरमालकीण विसरली, हे तर तुम्हीच सांगितलंत."

"सांगितलं."

"मग?"

मामाने कपाळावरचा चष्मा काढला आणि टेबलावर ठेवला. "म्हातारी विसरली नव्हती," तो म्हणाला.

खाली बंद शटरवर कोणीतरी थाप मारत होतं, चष्मा न्यायला आलं असावं.

"त्या दिवशी मी खोलीवर परतलो तेव्हा ती जिन्यात उभी होती. शाल गुंडाळून, थंडीत. माझी वाट बघत थांबली होती. तिने मला सांगितलं. माझ्या चेहऱ्यावरून तिला वाटलं असेल की मला समजलं नाही, म्हणून तिने परत सांगितलं. मग हाताने लहान मूल दाखवलं, कपाळाला हात लावून ताप दाखवला." मामाने टेबलावरचा चष्मा सरळ केला. "त्याच आठवड्यात मला त्या नाटककाराची हस्तलिखितं पाहायला मिळाली होती. शनिवारपर्यंतच. नंतर कपाट बंद होणार होतं, परत कधी उघडतील याची खात्री नव्हती. मला वाटलं, ताप आहे, उतरेल. मुलांना ताप येतात."

मी मामीकडे बघितलं नाही. मला धीर झाला नाही. मी शिष्योत्तमाकडे बघितलं, तर तो जमिनीकडे बघत होता. त्या एका क्षणात मला त्या घरातलं सगळं दिसलं: मामी पावती हरवलेल्या माणसांवर ओरडते आहे, एका दूरच्या म्हातारीच्या नावाने जन्मभर बोटं मोडते आहे, आणि हा माणूस दर वेळी खिडकीबाहेर बघतो आहे. तोंडातून एक शब्द काढत नाही. त्याला दुःख होतं असं मी समजत होते. होत असेलही. पण दुसऱ्याच्या माथी दोष मारून त्याने ते निवांत भोगलं. खोटं सांगायला त्याला चाळीस वर्षं चाललं, छापायला तेवढं चालेना. खोट्या मजकुराचा विटाळ त्याच्या कागदाला होत होता, जिभेला झाला नव्हता. आणि खरं लिहिण्याची हिंमत नाही म्हणून त्याने काय केलं, तर पोरीलाच खोडलं.

मी हे सगळं त्याला बोलले असते. बोलायलाच हवं होतं. पण तेवढ्यात मामी खुर्ची ओढून त्याच्यासमोर बसली.

"निघाला असतास, तर पोचला असतास?" तिने विचारलं.

लग्नाच्या दिवसापासून ती त्याला 'अहो' म्हणत आली होती. हे तिचं पहिलं 'तू'.

मामा टेबलाकडे बघत राहिला. मला वाटलं तो म्हणेल, कसं सांगणार, इतकी वर्षं झाली, तेव्हाची विमानं कुठे आता आठवतात. पण तो इतिहासकार होता. त्याने ते कधीच शोधून ठेवलेलं होतं.

"पोचलो असतो," तो म्हणाला. "ती बोलत होती तेव्हा."

मामी रडली नाही. आरडाओरडा केला नाही. ती इतकी रागावलेली मी आधी कधी पाहिली नव्हती आणि तिचा आवाज मी इतका खाली आलेला कधी ऐकला नव्हता. तिने ती प्रुफं सारखी केली, ज्या पानावर म्हातारी निरोप विसरते ते पान शोधून काढलं, त्याच्यापुढे ठेवलं आणि लाल पेन्सिल त्याच्या हातात दिली.

"लिही. आत्ता सांगितलंस ते. ती जिन्यात थांबली होती, हेही."

"अगं, हे असं..."

"चूक सापडली ना तुला? मग दुरुस्त कर. नाहीतर आयुष्यभर दुसरं काय केलंस?"

शिष्योत्तम म्हणाला, "सर, राहू दे, आपण नंतर..." मामीने त्याच्याकडे फक्त बघितलं.

मामा लिहायला लागला. समास अपुरा पडला तेव्हा त्याने पान उलटलं आणि पाठीमागे लिहिलं. आज छापील पुस्तकात ते प्रकरण पूर्ण आहे, त्यात हा मजकूरही आहे, मामाच्या शब्दांत, एकही शब्द न बदलता. परीक्षणांत शिष्योत्तमाच्या निर्भीडपणाचं कौतुक झालं. 'गुरूलाही न सोडणारा चरित्रकार' असं कोणीतरी लिहिलं. मामीचा उल्लेख कोणी केला नाही, आणि ते परीक्षण फाडून टाकायचं सुख मी स्वतः घेतलं. पण त्या दुपारी पुस्तकाचं कोणाला काही पडलेलं नव्हतं. मामी खुर्चीत ताठ बसून पेन्सिल कुठवर आली ते बघत होती.

एका ठिकाणी पेन्सिल थांबली.

"तिने सांगितलं, इथवर आलास," मामी म्हणाली. "मग तू काय केलंस?"

मामाने पेन्सिल खाली ठेवली. मग त्याने ती परत उचलली.

"खोलीत जाऊन जेवलो," तो म्हणाला.

"तेच लिही," मामी म्हणाली.